अकरा दारं

बाळासाहेब पासलकरांनी जन्मात स्वतःची एकही निवडणूक लढवली नव्हती, पण दुसऱ्याच्या निवडणुका त्यांनी लेकरासारख्या सांभाळल्या होत्या. बिबवेवाडीच्या वॉर्डात बत्तीस वर्षं ते नगरसेवक अण्णांचे कार्यकर्ते. मतदारयादी तोंडपाठ, कुठल्या जिन्यात कोण कोणावर रुसलंय ते पाठ, मतदानाच्या दिवशी दुपारी कुणाच्या आजीला रिक्षात घालून आणायचं तेही पाठ. दर पाच वर्षांनी अण्णा खांद्यावर हात टाकून म्हणायचे, “बाळ्या, पुढच्या वेळी तिकीट तुला.” ती पुढची वेळ यायच्या आत आधी अण्णांचा मुलगा मोठा झाला, मग सून आली, आणि एकाहत्तराव्या वर्षी बाळासाहेब घरी बसले.

अशात फेब्रुवारीत मुलीचा, मितालीचा, फोन आला. ती राहते ग्योतोकुला. तोक्योला लागून, नदीपलीकडे. एप्रिलमधल्या नगरपरिषदेच्या निवडणुकीला आपण उभं राहतोय असं तिने सांगितलं.

“तिकीट कुणी दिलं?” बाळासाहेबांचा पहिला प्रश्न.

“तिकीट लागत नाही बाबा. अपक्ष. अर्ज भरायचा आणि उभं राहायचं.”

हे ऐकून बाळासाहेबांना फार वाईट वाटलं. ते म्हणाले, “मी येतो.”

पाच वर्षांपूर्वी याच मुलीने भारताचा पासपोर्ट परत करून जपानचा घेतला, तेव्हा ते तिच्याशी दोन महिने बोलले नव्हते. आता तोच पासपोर्ट कामाला आला म्हटल्यावर सगळा राग विरघळला. विमानात शेजारच्या माणसाला त्यांनी तीन वेळा सांगितलं, की लेकीची निवडणूक आहे, जातोय जरा बघायला.

ग्योतोकुला उतरल्यावर दुसऱ्याच दिवशी बाळासाहेब वही घेऊन बाहेर पडले. आसपासच्या इमारतींच्या खाली टपालपेट्यांची रांग असते, तिच्यावरची देशी आडनावं त्यांनी चार दिवस खपून उतरवून काढली. कुलकर्णी, अय्यर, मिश्रा, सगळे आपलेच. रात्रीच्या जेवणाला त्यांनी जावयासमोर वही उघडली.

“एकशे चौदा घरं, सत्यजितराव. घरटी दोन धरली तरी सव्वादोनशे मतं खिशात.”

सत्यजित गेली एकोणीस वर्षं इथे संगणकाच्या कंपनीत होता. त्याने वहीत बघितलं आणि अगदी हळू आवाजात सांगितलं, “बाबा, यातल्या एकालाही मत नाही. नागरिक असावं लागतं. मलासुद्धा नाही.”

बाळासाहेबांनी वही मिटली. नवऱ्याचंही मत नसलेली उमेदवार त्यांनी पहिल्यांदाच बघितली.

म्हणजे मिताली निवडून यायची तर जपान्यांच्या मतांवर, आणि त्यांच्यापुढे तिचं म्हणणं एकच होतं. ती इतकी वर्षं शाळांमधून, दवाखान्यांमधून दुभाषाचं काम करत आली होती. कचरा कुठल्या दिवशी कुठला टाकायचा, पुराची सूचना आली तर कुठे जायचं, हे सगळं नगरपालिका अशा भाषेत लिहिते की परदेशी माणसाचं सोडा, इथल्या म्हाताऱ्यांनाही कळत नाही. ते साध्या भाषेत लिहा, एवढंच तिचं मागणं. पोस्टरवर तिच्या फोटोखाली मोठ्या अक्षरात तेच होतं: ‘समजावून सांगा, सगळे पाळतील.’ त्यावर नाक मुरडणारेही होते. परदेशी लोक नियम पाळत नाहीत ते पाळत नाहीतच, असं एकाने तिला स्टेशनवर तोंडावर ऐकवलं होतं. तिने वाकून त्यालाही धन्यवाद दिले. बाळासाहेबांच्या अंगाचा तिळपापड झाला.

प्रचार फक्त सात दिवसांचा. रविवारी तो सुरू झाला. प्रचार कचेरी म्हणजे स्टेशनमागचं बंद पडलेलं एक लाँड्रीचं दुकान. तिचा कारभार कोमात्सु-सान नावाच्या बाईंकडे होता. सत्तरी ओलांडलेल्या, काठीसारख्या सरळ, पूर्वी मोहल्ला समितीच्या प्रमुख. पहिल्या दिवशी त्यांनी सगळ्यांना खुर्च्यांवर बसवलं आणि नियम वाचले. येणाऱ्याला चहा-बिस्किटापलीकडे काही द्यायचं नाही. भेटवस्तू नाही. सकाळी आठच्या आधी आणि रात्री आठनंतर माइक नाही. पोस्टर नगरपालिकेने उभ्या केलेल्या फळीवर, आपल्या नंबराच्या चौकोनातच. आणि मत मागायला कुणाच्याही दारात जायचं नाही. तो गुन्हा आहे.

मिताली एकेक वाक्य मराठीत करून सांगत होती. शेवटचं सांगून झाल्यावर तिने विचारलं, “बाबा, कळलं ना?”

“कळलं की.”

कळलं होतं, यात शंका नाही. पण आचारसंहिता बाळासाहेबांनी बत्तीस वर्षं पाहिलेली. पहिल्या दिवशी ती कुणीतरी वाचून दाखवायची असते, सगळ्यांनी गंभीर तोंडं करून ऐकायची असते, आणि मग कामाला लागायचं असतं. जपानात ती जरा लांबलचक आहे, एवढाच फरक त्यांना दिसला.

पुढचे तीन दिवस त्यांनी जे पाहिलं त्याला प्रचार म्हणायला त्यांची जीभ धजेना. सकाळी साडेसहाला मिताली खांद्यावरून नावाचा पट्टा घालून स्टेशनच्या जिन्याशी उभी राहायची आणि येणाऱ्याजाणाऱ्याला कमरेत वाकायची. माणसं तिच्या अंगावरून वाहत आत जायची. मान वर करणारा शंभरात एक. आठ वाजले की भोंगे लावलेली गाडी. तीत पांढरे हातमोजे घालून बाहेर हात हलवायचे आणि नाव घेत फिरायचं. ना मिरवणूक, ना हार, ना कुणाच्या ओट्यावर बसून दोन शब्द. संध्याकाळपर्यंत पोरीचा घसा बसलेला आणि पाय सुजलेले.

“अगं, माणूस डोळ्यात बघितल्याशिवाय मत देत नाही,” ते बुधवारी न राहवून म्हणाले.

“इथे दारात गेलेला माणूस आवडत नाही बाबा.”

“दारात गेलेला माणूस कुठेच आवडत नाही. तरी जायचं असतं.”

मिताली हसली आणि मिठाच्या गरम पाण्यात पाय सोडून बसली. तिला वाटलं, विषय संपला. बापाला ओळखायला ती चुकली.

गुरुवारी दुपारी सगळे गाडीबरोबर गेले होते. कचेरीत पत्रकांचा गठ्ठा होता. बाळासाहेबांनी त्यातली मूठभर काढली, केस पाण्याने बसवले आणि तीन गल्ल्या ओलांडून दांचीत गेले. दांची म्हणजे जुनी वसाहत, पाच-पाच मजली, लिफ्ट नसलेली. अशा जिन्यांवर बाळासाहेबांचं आयुष्य गेलं होतं. मोबाइलवरून जपानी शिकण्याचा प्रयत्न करून त्यांनी दोन वाक्यं जमवली होती. ‘मुसुमे देस’, म्हणजे माझी मुलगी. आणि ‘ओनेगाइशिमास’, म्हणजे कृपा करा. मत मागायला तिसरं वाक्य लागतं कशाला?

त्यांनी अकरा दारं वाजवली. तीन उघडलीच नाहीत. एका बाईने साखळी न काढता फटीतून पाहिलं, पत्रक घेतलं आणि दार लावलं. एकाने हात आडवा हलवला. पण बाकीच्यांनी ऐकून घेतलं, कुणी कुणी वाकलंसुद्धा. आणि चौथ्या मजल्यावर एका एकट्या म्हाताऱ्याने त्यांना चक्क आत बोलावलं. त्याने हिरवा चहा केला. कोपऱ्यातल्या लाकडी देवघरात त्याच्या बायकोचा फोटो होता. त्याने बोट करून दाखवला. बाळासाहेबांनी मोबाइल काढून त्यांच्या बायकोचा फोटो दाखवला, जिला जाऊन तीन वर्षं झाली होती. म्हाताऱ्याने चष्मा लावून तो पाहिला. मग दोघे भाषेविना अर्धा तास बसले. उठताना म्हाताऱ्याने पत्रकावरच्या मितालीच्या फोटोवर बोट टेकवलं आणि मान डोलावली.

जिना उतरताना बाळासाहेबांचे गुडघे दुखत होते आणि त्यांना फार बरं वाटत होतं. पाच मतं पक्की, त्यांनी हिशेब केला. घरी मात्र ते बोलले नाहीत. निकाल लागल्यावर सांगू, पोरीला गंमत वाटेल, असा त्यांचा बेत होता.

शुक्रवारी दुपारी दोनच्या सुमाराला कचेरीतला फोन वाजला. मिताली भाकरतुकड्याला म्हणून आत आली होती. सत्यजितने त्या दिवशी रजा घेतली होती. कोमात्सु-सानने फोन घेतला, दोन वेळा ‘हाइ’, म्हणजे हो, म्हटलं, आणि मग फोनवर हात ठेवून मितालीकडे पाहिलं. बाळासाहेबांना एक शब्द कळला नाही. पण असले चेहरे त्यांनी पुण्यात फार पाहिले होते.

निवडणूक कार्यालयाचा फोन होता. दांचीत काल एक वयस्कर परदेशी गृहस्थ दारोदार तुमची पत्रकं घेऊन फिरत होते, अशी एका रहिवाशाची तक्रार आली आहे. हे तुमच्यापैकी कुणी आहे का?

मितालीने वडिलांकडे पाहिलं. “बाबा, तुम्ही दांचीत गेला होतात?”

“गेलो होतो.” खोटं बोलायचं त्यांच्या मनातही आलं नाही. “अकरा दारं केली. मितू, पाच मतं पक्की आहेत त्यात, तो चौथ्या मजल्यावरचा तर—”

“बाबा.”

ते थांबले.

कोमात्सु-सान हलक्या आवाजात काहीतरी सुचवत होत्या. सत्यजितने सासऱ्यांच्या कानाशी लागून सांगितलं: कार्यालय फार ताणणार नाही असं दिसतंय. ‘आमच्या माणसांना समज देतो’ एवढं म्हटलं तर प्रकरण इथेच मिटेल. कोण गेलं होतं ते नाव घ्यायची गरज नाही.

बाळासाहेबांना हायसं वाटलं. शेवटी इथेही माणसंच राहतात. ते पुढे झाले आणि मुलीला म्हणाले, “अगदी बरोबर सांगतायत त्या. तू म्हण, आमचा माणूसच नाही. कुणी म्हातारा होता, डोकं फिरलेला, ओळखत नाही. मला वाईट वाटणार नाही, देवाशप्पथ. अण्णा नाही का तसं म्हणाले होते?”

हे त्यांनी घरात कधीच सांगितलं नव्हतं. सत्त्याण्णव सालच्या निवडणुकीत स्टीलचे डबे वाटताना भरारी पथकाने त्यांना पकडलं. डबे अण्णांचे, गाडी अण्णांची. अण्णा चौकीत आले, इन्स्पेक्टरसमोर बाळासाहेबांकडे नीट पाहिलं आणि म्हणाले, “हा माणूस आमचा नाही.” दोन रात्री कोठडीत निघाल्या. घरी विचारलं तेव्हा कोल्हापूरला लग्नाला गेलो होतो असं त्यांनी सांगितलं होतं. आणि अण्णा निवडून आल्यावर गुलाल उधळायला तेच पुढे होते. कार्यकर्ता म्हटला की हे आलंच, असं ते अजून धरून चालले होते.

मितालीने ऐकून घेतलं. तिचा चेहरा पांढरा पडला होता, रागाने की कशाने ते बाळासाहेबांना कळेना.

“त्या दांचीत आपली बावीस घरं आहेत बाबा,” ती म्हणाली. “सहा घरांत आत्ता कुणाचे ना कुणाचे आईवडील आलेत. मी नाव घेतलं नाही तर उद्यापासून त्या प्रत्येक आजोबाकडे लोक बघतील. हाच होता का, म्हणून.”

मग तिने कोमात्सु-सानच्या हातून फोन घेतला. उभी राहून, समोर कुणी असल्यासारखी वाकत ती बोलली. सत्यजित हळूहळू मराठी करत गेला. ते माझे वडील आहेत. त्यांना नियम सांगितला होता. नीट समजावून सांगायला मी कमी पडले. जबाबदारी माझी आहे.

फोन ठेवल्यावर ती पहिल्यांदा म्हणाली, “मी त्या अकराही घरी जाऊन माफी मागून येते.”

“ते चालणार नाही,” कोमात्सु-सान म्हणाल्या. “माफी मागायला गेलात तरी ते दारात जाणंच झालं.”

बाळासाहेबांना हे सत्यजितने सांगितलं. एरवी ते पोट धरून हसले असते. आता त्यांना खुर्ची लागली. ते बसले, आणि बत्तीस वर्षांत पहिल्यांदाच त्यांना वाटलं की आपल्याला यातलं काही कळत नाही. पोरीच्या पोस्टरवर काय लिहिलं होतं ते त्यांना ठाऊक होतं. तिने सगळ्या गावाला सांगितलं होतं, की समजावून सांगा, सगळे पाळतील. आणि तिच्या घरातल्या माणसाला सांगूनही त्याने पाळलं नव्हतं. तो शहाणा निघाला होता.

संध्याकाळी सहाला भोंग्यांची गाडी दांचीच्या मधल्या मैदानात उभी राहिली. ऑफिसातून परतणारी माणसं सायकली लावत होती, गॅलऱ्यांतून कपडे आत घेतले जात होते. “बाबा, तुम्ही खाली उभे राहा, माझ्या शेजारी,” मिताली म्हणाली. ते उभे राहिले. आजवर त्यांनी माइकच्या वायरी धरल्या होत्या, माइकमागे सतरंज्या घातल्या होत्या, सभेआधी ‘हॅलो, माइक टेस्टिंग’ केलं होतं. माइकसमोर मात्र ते कधी उभे राहिले नव्हते.

मिताली दोन मिनिटंच बोलली. मत मागितलं नाही. काल तुमच्या दारांवर जे गृहस्थ आले ते माझे वडील होते, असं तिने सांगितलं, आणि मग त्यांच्याकडे हात करून त्यांचं पूर्ण नाव घेतलं. बाळासाहेब पासलकर. ते दोन शब्द भोंग्यातून निघून समोरच्या इमारतीवर आपटले आणि परत आले. तेवढंच त्यांना समजलं. मग ती कमरेतून वाकली आणि तशीच राहिली. बाळासाहेबही वाकले. किती वेळ वाकायचं ते त्यांना माहीत नव्हतं म्हणून ते डोळ्यांच्या कडेने तिच्या चपला बघत राहिले. डोळ्यांतलं पाणी सरळ खाली सिमेंटवर पडत होतं. ते त्यांनी पुसलं नाही.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. कुणी ओरडलंही नाही. दोन गॅलऱ्यांची दारं सरकवल्याचा आवाज आला. मग सगळे गाडीत बसले.

शनिवारी भोंगे फिरले, रविवारी मतदान झालं. मतदानाच्या दिवशी प्रचाराचं काहीच करायचं नसतं, तेव्हा बाळासाहेब दिवसभर घरातल्या घरात फेऱ्या मारत होते. सोमवारी सकाळी ते उठले तेव्हा निकाल लागलेला होता. मिताली स्वयंपाकघरात चहा गाळत होती.

“सदतीस मतांनी गेली,” ती म्हणाली.

लाखांनी पडली असती तर बाळासाहेबांना सोसलं असतं. सदतीस म्हणजे तीन-चार जिने. “माझ्यामुळे,” ते म्हणाले.

दुसऱ्या कुठल्याही मुलीने म्हटलं असतं, छे हो बाबा, काहीतरीच काय. मितालीने कप त्यांच्यापुढे ठेवला आणि समोर बसली. “थोडी तुमच्यामुळे गेली असतील,” ती म्हणाली. “किती ते कधीच कळणार नाही. मला रात्रभर तुमचा फार राग आला होता. आत्ताही आहे थोडा.”

“असू दे,” बाळासाहेब म्हणाले. “ठेव.”

“चहा प्या आणि कपडे करा. साडेसहाला स्टेशनवर जायचंय.”

“आता कशाला? संपलं ना?”

“ज्यांनी मतं दिली त्यांच्यापुढे उभं राहायला. माइक नाही, पट्टा नाही, नुसतं उभं राहायचं आणि वाकायचं.”

अण्णा एकदाच पडले होते, तेव्हा संध्याकाळपर्यंत कार्यालयाला कुलूप लागलं होतं आणि अण्णा महिनाभर महाबळेश्वरला होते. बाळासाहेबांनी कोट चढवला. जिन्याशी मुलीच्या डाव्या हाताला ते उभे राहिले आणि तिच्याबरोबर वाकू लागले. गर्दी तशीच वाहत होती. पंधरा-वीस मिनिटांनी त्यांची कंबर बोलायला लागली, तरी ते थांबले नाहीत.

पावणेआठला बॅग घेतलेला एक मध्यमवयीन माणूस वाहत्या गर्दीतून बाजूला झाला. त्याने आधी मितालीकडे पाहिलं, मग बराच वेळ बाळासाहेबांकडे, आणि तिला काहीतरी विचारलं. तिने दोन शब्दांत उत्तर दिलं. तो माणूस बाळासाहेबांसमोर आला, वाकला, आणि घाईने जिना चढून गेला.

“काय विचारलं त्याने?”

“हेच का ते, म्हणून.”

“मग?”

“हेच ते, म्हटलं.”